उदगीरचं वळण: रोजनिशीतील पाने

२० मे २०२५, मंगळवार, लातूर

सकाळीच बातमी कळली. जयंत नारळीकर गेले. पुण्यात, पहाटे झोपेतच. वय ८६.

दिवसभर पाऊस. मे महिन्यात असा पाऊस लातूरला परवडत नाही आणि आवडल्याशिवायही राहत नाही. दुपारी नांदेडच्या एका ग्रंथालयातून फोन. १९ जुलैला नारळीकरांचा जन्मदिवस, त्या दिवशी व्याख्यान ठेवायचंय, 'जीवन व कार्य' यावर बोला म्हणाले. मी म्हटलं, जीवन आणि कार्य आठवडाभर प्रत्येक वर्तमानपत्रात येईल. मी एकाच गोष्टीवर बोलते: कथा-कादंबऱ्यांत माणसाला दुसऱ्या मितीत, दुसऱ्या जगात नेणारी जी यंत्रं आहेत, त्यांचा इतिहास.

पलीकडे थोडा वेळ शांतता. मग, "मॅडम, लोकायला कळंल का?"

"कळंल," म्हटलं. ठरलं.

२३ मे, शुक्रवार

कपाटातून 'यक्षांची देणगी' काढलं. १९७९ चं पुस्तक. कॉलेजात असताना हातात पडलं होतं. त्याआधी विज्ञान म्हणजे जर्नल भरणं एवढंच वाटायचं.

सुरुवातीची हकिकत पुन्हा वाचली. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या विज्ञानकथा स्पर्धेत 'कृष्णविवर' नावाची कथा आली. लेखक नारायण विनायक जगताप. तिला पहिलं बक्षीस मिळालं. जयंत विष्णु नारळीकर ही आद्याक्षरं उलटी केली की नारायण विनायक जगताप तयार होतात. अक्षर ओळखू नये म्हणून हस्तलिखित पत्नीच्या हातचं. केंब्रिजचा रँग्लर, फ्रेड हॉयलचा सहकारी, २६व्या वर्षी पद्मभूषण झालेला माणूस, आणि स्पर्धेत नाव लपवून उतरतो. मला ही गोष्ट त्यांच्या पदव्यांपेक्षा जास्त आवडते. पुढच्याच वर्षी कराडच्या साहित्य संमेलनात दुर्गाबाई भागवतांनी अध्यक्षीय भाषणात या नव्या कथेची दखल घेतली आणि मराठीत विज्ञानकथेला बसायला पाट मिळाला.

त्याआधी मराठीत हे नव्हतंच असं नाही. भा. रा. भागवतांनी ज्यूल व्हर्न मराठी पोरांच्या हातात दिला होता. नारायण धारपांनी भय आणि विज्ञान दोन्ही लिहिलं. धारपांचं पलीकडचं जग बहुधा यंत्राची वाट बघत नाही. ते आपणहून घरात शिरतं. नारळीकर मात्र गणिताचे. त्यांना दार कुठं आहे आणि कसं उघडतं हे सांगितल्याशिवाय चैन पडत नाही.

२८ मे, बुधवार

आज 'उजव्या सोंडेचा गणपती'. पलीकडे नेऊन परत आणणाऱ्या यंत्राची मराठीतली ही सगळ्यात नेमकी कथा, माझ्या मते. यंत्रातून गेलेली वस्तू परत येते ती आरशातल्यासारखी होऊन. डाव्याचं उजवं. गणपतीची सोंड फिरते, हात बदलतो, छातीतलं हृदय उजवीकडे जातं. क्रिकेटचं मैदानसुद्धा त्यांनी सोडलेलं नाही.

यामागचं गणित जुनं आहे. १८२७ साली मोबिअसनं लिहून ठेवलं की चौथी मिती असती तर डाव्या हाताच्या आकृतीची उजवी करता आली असती. कागदावर डाव्या चपलेचं चित्र काढून कापून घ्या. टेबलावर नुसतं सरकवून ते उजव्या चपलेचं कधीच होणार नाही. उचलून पालथं घाला, लगेच होतं. टेबलाच्या जगाला दोन मिती, उचलण्यासाठी तिसरी लागली. आपल्या तीन मितींच्या हाताला पालथं घालायचं तर चौथी लागेल. पुढं १८५८ मध्ये मोबिअस आणि लिस्टिंग या दोघांनी आपापली ती प्रसिद्ध एका पिळाची पट्टी मांडली. तिच्यात पालथं घालायलाही नको. पट्टीवरून एक फेरी मारली की डावं उजवं होऊन परत.

शेजारची श्रेया आली होती, अकरावीत गेलीय. तिला पारदर्शक प्लास्टिकची पट्टी दिली, एक पीळ देऊन टोकं चिकटवायला लावली आणि स्केचपेननं छोटी चप्पल काढत पुढं पुढं जायला सांगितलं. कागदाची पट्टी इथं चालत नाही. शाई पलीकडून दिसायला हवी. फेरी पूर्ण झाली, नवी चप्पल पहिलीच्या शेजारी आली, दुसऱ्या पायाची. पोरगी दोन मिनिटं पट्टीकडे बघतच बसली. मग म्हणाली, "आज्जी, हे नीटला येत नाही ना?"

लातूरची पोरं! नाही येत, म्हटलं.

२९ मे, गुरुवार

काल लिहायचं राहिलेलं. या यंत्राच्या इतिहासात एक भोंदूही आहे आणि त्याला व्याख्यानातून वगळायची माझी इच्छा नाही. लाइपझिगचा योहान त्स्योलनर, चांगला खगोलशास्त्रज्ञ. १८७७ मध्ये त्याच्याकडे हेन्री स्लेड नावाचा अमेरिकन 'माध्यम' आला. आदल्याच वर्षी लंडनच्या कोर्टात फसवणुकीबद्दल शिक्षा झालेला, अपिलात सुटलेला. त्यानं टोकं बांधून लाखेनं मोहोरबंद केलेल्या दोरीत गाठी पाडून दाखवल्या. त्स्योलनर म्हणाला, चौथ्या मितीतून पाडल्या.

पण शास्त्रज्ञ शेवटी शास्त्रज्ञच. त्यानं आणखी कठीण परीक्षा सुचवल्या. गोगलगाईच्या शंखाचा पीळ उलटा करून दाखव. टार्टारिक आम्लाचा उजवा रेणू डावा करून दाखव. हे आम्ल म्हणजे आपल्या चिंचेतलं आम्ल. निसर्गात बहुतेक ठिकाणी त्याचा एकच हात सापडतो, आणि दुसरा झाला की नाही हे प्रकाशाच्या साध्या प्रयोगानं कळतं. स्लेडला ते जमलं नाही. गाठी मारणं हे हाताचं काम, रेणू पालथा घालणं हे हातचलाखीच्या पलीकडचं.

नेमका हाच रेणूंचा मुद्दा कथाकारांनी उचलला. वेल्सच्या १८९६ च्या कथेत एक मास्तर एका स्फोटात पलीकडे जातो आणि हृदय उजवीकडे घेऊन परततो. आर्थर क्लार्कनं १९४६ मध्ये पुढचा प्रश्न विचारला: असा माणूस जेवेल काय? त्याच्या शरीरातले रेणू उलट्या हाताचे, ताटातलं अन्न सुलट्या हाताचं. ताट भरलेलं असून उपासमार. नारळीकरांची कथा या घराण्यातली शेवटची मोठी कथा, आणि त्या घराण्यात गणपती फक्त त्यांच्याकडेच आहे.

३ जून, मंगळवार

परदेशातला बाकीचा इतिहास पानभरात उरकायचा ठरवलंय, नाहीतर व्याख्यान संपणार नाही. १८८४, अ‍ॅबटचं 'फ्लॅटलँड'. १८९५, वेल्सचं कालयंत्र. १९३१, मरे लेन्स्टर यांची पाचव्या मितीत फेकणारी गोफण; यंत्र म्हणून यंत्र, तारा, चुंबकं, सगळं. त्याच लेन्स्टरची १९३४ मधली कथा जास्त महत्त्वाची, कारण तिच्यात इतिहासाची वेगवेगळी वळणं घेतलेली जगं एकमेकांत मिसळतात. १९३५, आइन्स्टाइन आणि रोझेन यांचा पूल. १९५७, ह्यू एव्हरेट: प्रत्येक शक्यतेला तिचं स्वतःचं जग. १९८५, कार्ल सेगनची 'काँटॅक्ट'. त्यातल्या यंत्रासाठी त्यानं किप थॉर्नला गणित विचारलं आणि त्यातून थॉर्न-मॉरिस यांचा १९८८ चा खराखुरा शोधनिबंध निघाला. कादंबरीनं भौतिकशास्त्राला गृहपाठ दिल्याचं असं दुसरं उदाहरण मला ठाऊक नाही. उत्तर मात्र निराशेचं: अवकाशातल्या दोन जागा जोडणारं असं भुयार उघडं ठेवायला ऋण ऊर्जेचं द्रव्य लागतं.

गंमत अशी की १९६४ च्या हॉयल-नारळीकर सिद्धांतात ऋण ऊर्जेचं क्षेत्र होतं. विश्वात नवं द्रव्य सतत कसं निर्माण होतं ते सांगण्यासाठी. म्हणजे भुयाराचा कच्चा माल नारळीकरांच्या वहीत होता. त्यांनी त्याचं भुयार केलं नाही.

आणि मुलांसाठी डोरेमॉनचं कुठंही जाणारं दार. त्यात गणित अजिबात नाही, त्यामुळे ते सगळ्यांत चांगलं चालतं.

८ जून, रविवार

हा इतिहास इंग्रजीतूनच का सांगायचा? आज अण्णांची ट्रंक आठवली. माझे वडील निजामाच्या राज्यात शिकले, म्हणजे उर्दूत. मराठी वाचायला घरी शिकले. म्हातारपणी हिशेब करायचे तेव्हाही आकडे पुटपुटायचे ते उर्दूतच. त्यांच्या ट्रंकेत 'तिलिस्म-ए-होशरुबा'चा एक फाटका भाग होता. लखनौच्या नवलकिशोर छापखान्यानं १८८३ पासून छापलेला हा अवाढव्य ग्रंथ. दुपारी आम्हाला ते त्यातलं तोंडी मराठी करून सांगायचे.

तिलिस्म म्हणजे जादूगारानं रचलेलं अख्खं जग. आपलं आकाश, आपले कायदे, आपले राजे. आत शिरणं सोपं, बाहेर पडणं अशक्य. ते मोडायचं तर 'लौह' लागते, एक पाटी, जिच्यावर पुढचं पाऊल काय टाकायचं ते उमटत जातं. आणि अमर अय्याराची झंबील! दिसायला पिशवी, आत शहरंच्या शहरं. आत मोठं आणि बाहेर लहान ही कल्पना बीबीसीनं १९६३ मध्ये डॉक्टर हूच्या निळ्या पेटीत घातली तेव्हा जगानं टाळ्या वाजवल्या. लातूरच्या गंजगोलाईत उर्दू शाळेतली पोरं त्याच्या कितीतरी आधी झंबीलीत फिरून आली होती.

व्याख्यानात हे सांगायचंच. नांदेडला उर्दू वाचणारे पुष्कळ आहेत. त्यांच्यासमोर वेल्सपासून सुरुवात केली तर ते बरं दिसणार नाही.

१४ जून, शनिवार

श्रेया तिचं इंग्रजीचं पुस्तक घेऊन आली. एन.सी.ई.आर.टी.चं अकरावीचं. "आज्जी, तुम्ही म्हणता ते नारळीकर यात आहेत." 'द अ‍ॅडव्हेंचर' नावाचा धडा. वाचून बघितला तर आपले गंगाधरपंत! ही मूळ मराठी कथा आहे, 'गंगाधरपंतांचे पानिपत', हे तिला कुणी सांगितलं नव्हतं. मराठी पोरगी मराठी कथा इंग्रजीतून पाठ करते आणि परीक्षेत इंग्रजीतून तिचं उत्तर लिहिते. कथेतल्या गंगाधरपंतांना असंच काहीसं वाटलं असणार.

कथा थोडक्यात. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे. सभांची अध्यक्षस्थानं भूषवण्याचा नाद. हजाराव्या सभेच्या तोंडावर आहेत. पानिपत मराठ्यांनी जिंकलं असतं तर, हा विषय डोक्यात. रस्त्यात ट्रकची धडक बसते आणि ते जागे होतात ते पानिपत जिंकलेल्या हिंदुस्थानात. मुंबईवर अजून इंग्रज, बाकी देश आपला. टाउन हॉलच्या ग्रंथालयात ते आपलेच इतिहासाचे खंड उघडतात आणि वळण शोधतात: विश्वासरावांना लागलेली गोळी या जगात कानाजवळून निघून गेलेली. संध्याकाळी आझाद मैदानावर रिकामी खुर्ची बघून ते सवयीनं अध्यक्ष व्हायला जातात आणि लोक त्यांच्यावर अंडी-टोमॅटो फेकतात, कारण त्या देशानं अध्यक्ष, प्रास्ताविक आणि आभार कधीच रद्द केलेले असतात. परत येतात तेव्हा खिशात त्या जगातल्या एका बखरीचं फाटकं पान.

श्रेयानं नेमका प्रश्न विचारला. "यात यंत्र कुठंय?"

नाहीच. कथेतला राजेंद्र देशपांडे नावाचा शास्त्रज्ञ खुलासा करतो: इलेक्ट्रॉन नेमका कुठं जाईल ते आधी सांगता येत नाही, त्याला अनेक जगं शक्य असतात, आणि धडकेच्या क्षणी पंतांच्या डोक्यात पानिपताचा प्रश्न चालू होता, त्यानंच दार उघडलं. म्हणजे यंत्राचे भाग दोन. एक ट्रक आणि एक प्रश्न. भौतिकशास्त्राची मास्तरीण म्हणून माझी यावर हरकत आहे: एव्हरेटच्या जगांना एकदा फाटे फुटले की त्यांचा एकमेकांशी संबंध उरत नाही, येणं-जाणं तर दूरच. वाचक म्हणून काहीच हरकत नाही. लेन्स्टरच्या गोफणीपेक्षा हा ट्रक मला जास्त खरा वाटतो. गोफणीनं तुम्ही कुठंही जाऊन पडाल. ट्रक तुम्हाला तिथंच नेतो, जिथं तुमचा प्रश्न अडलेला आहे.

२२ जून, रविवार, उदगीर

सकाळच्या एसटीनं उदगीर. मामेभावाकडे जेवण, मग किल्ला. भोवती खोल खंदक, आत उदागीर बाबांची समाधी, भिंतींवर फारसी शिलालेख. रविवार असूनही माणसं थोडी. बुरुजावर बसून जुनी वही काढली.

पानिपतावर कादंबऱ्या लिहिल्या गेल्या, नाटकं झाली, पण उदगीरबद्दल बोलायला आमच्याकडे लातूर जिल्ह्यातसुद्धा कुणाला फारसा उत्साह नसतो. फेब्रुवारी १७६०. सदाशिवरावभाऊंनी निजामाला याच मुलखात, औसा-उदगीरच्या टापूत कोंडलं आणि नमवलं. साठ लाखांचा मुलूख आणि दौलताबादसारखा किल्ला तहात मिळाला. निजामाची नोकरी सोडून आलेला इब्राहिमखान गारदी आणि त्याचा तोफखाना भाऊंच्या बाजूनं इथं लढला. त्याआधी काही आठवडे, १० जानेवारीला, तिकडं उत्तरेत बुराडी घाटावर दत्ताजी शिंदे पडले होते. आता अब्दालीवर कोण जाणार? ताज्या विजयाचा गुलाल अंगावर असलेले भाऊ. मार्चमध्ये परतूरहून फौज निघाली. उत्तर न पाहिलेला सेनापती उत्तरेत गेला आणि १४ जानेवारी १७६१ ला जे व्हायचं ते झालं.

आता वळण कुठं धरायचं? नारळीकरांनी ते विश्वासरावांच्या गोळीत धरलं, आणि कथेसाठी ते बरोबरच आहे. तिथं फरक तिळाएवढा आहे आणि त्यांना तिळाएवढाच फरक हवा होता. पण इतिहासाचा कागद पुढं ओढून बघितलं तर मला वळण अकरा महिने अलीकडे दिसतं, या खंदकापाशी. इथं निजाम निसटला असता, किंवा लढाई रखडली असती, तर भाऊ दक्खनेतच अडकले असते. उत्तरेत राघोबादादा गेले असते. त्यांना ती वाट ठाऊक होती. होळकरांचं ऐकलं गेलं असतं. बायका-यात्रेकरूंचं लटांबर बरोबर नसतं. पानिपत झालंच नसतं, किंवा झालं असतं ते दुसरंच काहीतरी. तोफखान्यावरचा तो भरवसा भाऊंना उदगीरनंच दिला. इथला विजय हा तिथल्या पराभवाचा पहिला अंक आहे, असं माझं मत. इतिहासाची माणसं यावर भांडतील, भांडावं.

मामेभाऊ खालून ओरडला, "ताई, काय करलालीस वर? ऊन लागंल की!"

२९ जून, रविवार, लातूर

उदगीरहून आल्यापासून एक गोष्ट सुचतेय. त्या पानिपत जिंकलेल्या जगात आमचा मराठवाडा कुठं असेल? कथा पुण्या-मुंबईतच फिरते. भाऊ जिंकून परतले असते तर निजामाचं राज्य फार दिवस टिकलं नसतं. मग हैदराबाद संस्थान नाही. अण्णांची उर्दू नाही. होशरुबा नाही. १७ सप्टेंबरचा मुक्तिदिन नाही. माझं सगळं बालपण त्या गोळीच्या बाजूला उभं आहे, आणि गोळी चुकली असती तर मीच चुकले असते.

आणि उलट बघितलं तर दोन जगांच्या मध्ये प्रवास आमच्याकडे रोज चालायचा, तिकीट काढून. बार्शी लाइट रेल्वे. एव्हरार्ड कॅलथ्रॉप या इंजिनिअरची अडीच फुटी रुळांची गाडी. १८९७ मध्ये कुर्डुवाडी ते बार्शी, १९११ मध्ये लातूरपर्यंत. बार्शी इंग्रजांची, लातूर निजामाचं. लातूरहून जाताना येडशीच्या पुढं कुठंतरी हद्द. लातूरला खिशात हाली सिक्का, बार्शीला कलदार. हाली सात रुपयांना कलदार सहा. लातूरला फसली सन, बार्शीला इंग्रजी. मध्ये करोडगिरीचा नाका, सामान उलगडून दाखवा. आमची आजी सांगायची, बार्शीहून आणलेलं लुगडं अंगावर नेसूनच यायचं म्हणजे जकात लागत नाही.

१५ ऑगस्ट १९४७ नंतर तर हा फरक कादंबरीत शोभावा असा झाला. बार्शीत तिरंगा, लातुरात तिरंगा लावणं गुन्हा. नांदेडची माणसं पैनगंगा ओलांडून उमरखेडच्या छावणीत जायची; नदीच्या अलीकडे रझाकार, पलीकडे स्वतंत्र देश. १३ सप्टेंबर १९४८ ला सैन्य आत आलं, १७ ला निजाम शरण. १३ महिने उशिरा आम्ही बाकीच्यांच्या जगात पोहोचलो.

उदगीरचं तर आणखी मजेशीर. १९३० साली तिथं जन्मलेला माणूस निजामाच्या राज्यात जन्मला, १९४८ नंतर भारतातल्या हैदराबाद राज्यात, बिदर जिल्ह्यात. १९५६ मध्ये द्विभाषिक मुंबई राज्यात, उस्मानाबाद जिल्ह्यात. १९६० मध्ये महाराष्ट्रात. १९८२ मध्ये लातूर जिल्ह्यात. घर तेच, विहीर तीच.

६ जुलै, रविवार, आषाढी एकादशी

देवळात एक परिचित गृहस्थ भेटले. व्याख्यानाचं कळलं होतं. "बाई, हे सगळं आपल्या पुराणात आहे. ककुद्मी राजा रेवतीला घेऊन ब्रह्मलोकात गेला, गाणं संपेस्तोवर सत्तावीस चतुर्युगं उलटली. हे रिलेटिव्हिटी नाही तर काय?"

ककुद्मीची गोष्ट मला फार आवडते. जगाच्या वाङ्मयात काळाच्या फरकाची इतकी जुनी आणि इतकी घरगुती गोष्ट (बापाला मुलीच्या लग्नाची चिंता!) क्वचितच असेल. पण गोष्ट सुचणं वेगळं आणि समीकरण मांडणं वेगळं. नारळीकर यात कधी घसरले नाहीत. उलट २००८ मध्ये त्यांनी नरेंद्र दाभोलकर आणि इतरांबरोबर फलज्योतिषाचीच चाचणी घेतली: हुशार मुलांच्या आणि मतिमंद मुलांच्या पत्रिका मिसळून दिल्या, ओळखा म्हणाले. ज्योतिषांचा निकाल नाणं उडवून यावा तसा आला. ज्या माणसानं कथेत गणपतीची सोंड फिरवली त्यानंच पत्रिकेला परीक्षेला बसवलं. त्यांच्या वाचकानं दोन्ही लक्षात ठेवावं.

गृहस्थांना हे सांगितलं. साबुदाण्याची खिचडी खाऊन जा म्हणाले.

१९ जुलै, शनिवार, नांदेड

अहमदपूर, लोहा करत नांदेड. सभागृह भरलं, उभं राहायलाही माणसं. प्रास्ताविक झालं, दीपप्रज्वलन झालं, परिचय झाला, सत्कार झाले. अध्यक्ष होते. गंगाधरपंतांची कथा मी सगळ्यांत शेवटी ठेवली होती. अंडी-टोमॅटोंपाशी आले तेव्हा मागच्या बाकांवर हशा पिकला आणि अध्यक्षही मोकळेपणानं हसले. समारोप त्यांनी लवकर आटोपला.

होशरुबाचा भाग अपेक्षेपेक्षा रंगला. पहिल्या रांगेतले एक वयस्कर मौलवीसाहेब 'लौह'बद्दल मी सांगितलं त्यात दोन गोष्टी जोडून गेले, आणि माझ्यापेक्षा चांगल्या मराठीत.

प्रश्नोत्तरांत एका तरुणानं विचारलं, असं यंत्र खरंच होईल का. मी म्हटलं, आजच्या भौतिकशास्त्राप्रमाणे नाही. भुयाराला लागणारं द्रव्य नाही, फुटलेल्या जगांना जोडणारा रस्ता नाही. तो हिरमुसला, मी काय करू?

मग किल्लारीकडचे एक शेतकरी उठले. म्हणाले, विसर्जनाच्या रात्री, ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे, घरात झोपलेले भूकंपात गेले आणि मी शेतावर झोपलो म्हणून राहिलो. भाऊ म्हणत होता, उशीर झालाय, घरीच थांब. "मॅडम, तुमच्या त्या दुसऱ्या जगात आमचा भाऊ असंल का?" एव्हरेटप्रमाणे हो, असं उत्तर तोंडावर आलं होतं. दिलं नाही. त्या माणसाला भौतिकशास्त्र विचारायचं नव्हतं. मी एवढंच म्हटलं की नारळीकरांनी ही कथा लिहिली ती बहुतेक प्रत्येकाकडे असा एक प्रश्न असतो म्हणूनच. ते बसले. सभा थोडा वेळ गप्प राहिली, मग आभार सुरू झाले.

२० जुलै, रविवार, लातूर

परतीच्या गाडीत कालचा तो तरुण शेजारी येऊन बसला. अहमदपूरचा, बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला. उदगीरचं वळण त्याच्या डोक्यात घुसलंय. मी लिहू का म्हणाला. पण मॅडम, यंत्र कोणतं घेऊ?

बार्शी लाइट घे, म्हटलं. अडीच फुटी रूळ, करोडगिरीचा नाका, प्रवाशाच्या एका खिशात हाली, दुसऱ्यात कलदार. गाडी येडशी सोडते आणि हद्द यायच्या आत काहीतरी होतं. काय होतं ते तू ठरव, पण गणित नीट कर. देवाधर्माच्या नावावर खपवू नकोस आणि इंग्रजी मालिकेतलं निळं-जांभळं भोकही नको.

उदगीर फिरलेलं जग अजून कुणी मराठीत लिहिलेलं माझ्या वाचनात नाही. लातूर-नांदेडच्या पोरा-पोरींनी ते लिहावं, नीटचा अभ्यास सांभाळून लिहिलं तरी चालेल. ज्यांच्या घरात आजी-आजोबा अजून हाली-कलदारचं सांगू शकतात त्यांनी आधी ते उतरवून घ्यावं. मराठी विज्ञान परिषदेची विज्ञानकथा स्पर्धा दरवर्षी असते, आणि तिथं नाव बदलून कथा पाठवण्याची परंपरा आहे.